गणपतीला गावची बाईक सुरू होत नाही? आधी ती उभी कुठे होती ते बघा

लक्षणं आधी लिहितो, तुमची केस यात बसत नसेल तर पुढे वाचायचे कष्ट घेऊ नका.

मे महिन्यात आंबे-फणस खाऊन पाऊस लागायच्या आत तुम्ही मुंबईला गेलात, जाताना बाईक गावच्या घरी पडवीत लावलीत, वर ताडपत्री टाकलीत, दोरीने घट्ट बांधलीत. तीन महिन्यांनी गणपतीला आलात आणि बघता तर,

– किल्ली फिरवली तरी न्यूट्रलचा दिवा लागत नाही किंवा काजव्यासारखा मिणमिणतो, सेल्फ मारला की नुसतं टिकटिक.
– किक मारून मारून पोटरी भरून आली, इंजिन एकदा फुस्स करतं आणि गप्प.
– न्यूट्रलला असूनही मागचं चाक जागचं हलत नाही.
– पहिला गिअर टाकला की क्लच दाबलेला असूनही बाईक उडी मारते.
– सुरू झाली, पण हॉर्न नाही, इंडिकेटर नाही, नाहीतर नवीन फ्यूज टाकला की लगेच उडतो.
– सीट उघडली की आत पेंढा, चिंध्या, भाताची टरफलं आणि तो वास. ज्यांनी घेतलाय त्यांना कळेल.
– कार्ब्युरेटरखाली जमिनीवर डाग, टाकीत पेट्रोल आठवतंय त्यापेक्षा कमी.
– चेन तांबडी, पुढच्या फोर्कच्या चकचकीत नळ्यांवर गंजाचे ठिपके.

यातली दोन-तीन एकत्र असतील आणि दरवर्षी तेच रडगाणं असेल तर बिघाड बाईकमध्ये नाहीये, बिघाड जागेत आहे. बाईक दुरुस्त करून तुम्ही परत त्याच जागेत लावता आणि पुढच्या वर्षी तेच पैसे परत घालवता.

मी पोटापाण्यासाठी मेकॅनिक नाही. आधी चार वर्षं चिपळूणला गॅरेजवर हात काळे केले, आता गुहागर तालुक्यात गावातच स्पेअर पार्टचं छोटं दुकान आहे. पण गणपतीच्या आदल्या दोन दिवसांत अख्ख्या वाडीचा मी डॉक्टर असतो. चाकरमानी एसटीतून उतरला की बॅग ओटीवर टाकतो आणि पहिला फोन मला, ‘अरे सुरूच व्हत नाय रे, येतोस काय जरा’. माझाच चुलतभाऊ, विरारला असतो, त्याच्या शंभर सीसीच्या किकवाल्या बाईकचं वायरिंग मी ओळीने तीन वर्षं जोडलं. तिसऱ्या वर्षी वायर सोलताना डोक्यात आलं की गेल्या वर्षी मी लावलेली काळी टेप पण कुरतडलीये, अगदी त्याच ठिकाणी. म्हणजे उंदराची दरवर्षीची वाट ठरलेली आहे आणि आम्ही दरवर्षी नेमकं त्या वाटेवर त्याच्यासाठी जेवण मांडून ठेवतोय. तेव्हापासून मी पाना काढायच्या आधी जागा बघतो.

आता तपासणी, फुकटातलं आधी आणि खर्चिक शेवटी. क्रम मोडू नका, कारण पहिल्याच दोन गोष्टींत बऱ्याचदा उत्तर मिळतं आणि उगाच बॅटरी विकत घेतली जाते.

किक मारायच्या आधी बॅटरी आणि काठी

बॅटरी म्हणजे हातातली विजेरी. तीन महिने ताडपत्रीखाली अंधारात असलेल्या बाईकच्या सीटखाली डायरेक्ट हात घालायचा नाही. जिथे उंदीर तिथे त्याच्या मागे येणारा पण असतो, आणि आपल्याकडे घोणस, फुरसं, मण्यार सगळंच आहे. लांबून काठीने ताडपत्री सरकवा, बाईक जरा हलवा, दोन मिनिटं थांबा, मग उजेड मारून इंजिनच्या फटीत, साइड कव्हरच्या आत, चेनच्या कव्हरखाली बघा. काही वळवळलं तर बाईकचा विषय तिथेच बंद, सर्पमित्राला बोलवा नाहीतर वनविभागाच्या १९२६ नंबरवर फोन लावा. इथे शौर्य दाखवायचं काही कारण नाही.

उंदराचं घरटं मिळालं तर हातात प्लास्टिकचे मोजे घाला, तोंडाला रुमाल बांधा. उंदराच्या मुतातून लेप्टो होतो आणि हाताला साधा काटा लागल्याची जखम असली तरी तेवढी पुरते.

वर बघा, खाली बघा

शून्य रुपये लागतात. बाईक उभी होती त्या जागी उभं राहून वर बघा. कौल सरकलंय का, पागोळीचं पाणी वाऱ्याने आत येतं का, भिंतीवर ओल कुठपर्यंत चढलीये. मग खाली. जमीन मातीची, शेणाने सारवलेली आहे का, साइड स्टँड जमिनीत रुतलाय का, टायरच्या खाली बुरशीची पांढरी रेघ आहे का.

हे का बघायचं, तर आमच्या रत्नागिरी जिल्ह्यात वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो आणि त्यातला जवळजवळ सगळा तुम्ही मुंबईत असता त्याच तीन-चार महिन्यांत. एवढ्या पावसात पाणी फक्त वरून येत नाही, जमिनीतून वाफेसारखं वर येतं. ताडपत्री घट्ट बांधलेली असेल तर ती वाफ आतल्या आत अडकते, रात्री गार झाली की टाकीवर, चेनवर, प्लगच्या टोपीत थेंब होऊन बसते. ताडपत्रीने बाईकचं रक्षण होतंय असं आपल्याला वाटतं, खरं तर आपण तिला मोदकपात्रात ठेवून गेलेलो असतो.

याची खात्री करायची असेल तर सोपी ट्रिक आहे. हातभर रुंद प्लास्टिकचा तुकडा रात्री जमिनीवर पसरा, चारी कडांवर दगड-वाळूचं वजन ठेवा, सकाळी उचलून खालची बाजू बघा. थेंब असतील तर ओल जमिनीतून येतेय, छप्पर कितीही पत्र्याने झाका काही फरक पडणार नाही. दुसरी ट्रिक काडेपेटीची. एक काडेपेटी बाईकच्या जागी आणि दुसरी माजघरात फळीवर, दोन रात्री ठेवायच्या. पावसाळ्यात दोन्ही सर्दाळणार हे खरं, पण माजघरातली काडी दुसऱ्या घासण्यात पेटली आणि पडवीतलीचा गुल नुसताच खरडून निघाला तर फरक तुमच्या समोर आहे.

रांगोळी टाका

माझा सगळ्यात आवडता प्रकार. चुलतभावाकडे तिसऱ्या वर्षी हेच केलं. रात्री झोपायच्या आधी बाईकभोवती जमिनीवर रांगोळी भुरभुरवली, पातळ थर, पीठ नको कारण पीठ ते खाऊन टाकतात. सकाळी वहिनी ओरडली म्हणून गेलो तर पडवीच्या कोपऱ्यात भाताची कणगी होती तिथून निघून बाईकच्या मागच्या चाकापर्यंत नखांच्या बारीक ठशांची अशी सरळ पाऊलवाट उमटलेली, मधे शेपटीची रेघ. मागच्या टायरवरून चढून चेन कव्हर, तिथून साइड कव्हरच्या आत, तिथे एअर फिल्टरची पेटी, म्हणजे फुकटची खोली. कणगीत धान्य खायचं आणि बाईकमध्ये झोपायला जायचं, नोकरी आणि घर पाच फुटांवर, मुंबईत कोणाला मिळतं.

उंदराचे दात सारखे वाढत असतात म्हणून तो जे मिळेल ते कुरतडतो, त्याला वायरची चव आवडते असं काही नाही, वायर त्याच्या वाटेत येते एवढंच. म्हणून वायरला मिरची पावडर, डांबर गोळ्या, तंबाखूची पुडी हे सगळे उपाय दोन आठवड्यांचे, पावसाच्या हवेत वास उडून जातो. धान्य आणि बाईक एका छपराखाली ठेवायचं नाही, यापलीकडे मला तरी काही टिकाऊ सापडलेलं नाही. पेंढा, शेंगदाण्याच्या गोणी, कोंबड्यांचं खाद्य, सगळं यातच आलं.

डिपस्टिक आणि वास

इथपर्यंत खर्च शून्यच. इंजिन ऑइलची डिपस्टिक काढून बघा. ऑइल काळं असू दे, घाबरू नका. पण दुधाच्या चहासारखं मातकट-पांढरट दिसलं तर आत पाणी गेलंय. लेव्हल होती त्यापेक्षा वर आलीये आणि वास पेट्रोलचा येतोय तर पेट्रोलचा कॉक चालू राहिलेला, कार्ब्युरेटरची सुई अडकली आणि टाकीतलं पेट्रोल झिरपत इंजिनमध्ये उतरलं. दोन्ही प्रकारांत किक मारायची नाही. पातळ झालेल्या ऑइलवर इंजिन फिरवलं तर ऑइलचे पैसे वाचवायला जाऊन पिस्टनचं काम काढून बसाल. ऑइल काढा, नवीन टाका, सुईचं काम करून घ्या, मगच पुढे.

कार्ब्युरेटरच्या नळीतून पेट्रोल ठिबकत असेल तर कॉक बंद करून कार्ब्युरेटरच्या वाटीच्या (पेट्रोल साठतं तो खालचा भाग) बाजूला स्क्रू ड्रायव्हरच्या मुठीने हलकेच टकटक करा, अडकलेली सुई कित्येकदा तेवढ्याने बसते. नाही बसली तर गॅरेज. पण हे घरात, समई-निरांजन पेटलेलं असताना अजिबात नाही. पेट्रोलची वाफ हवेपेक्षा जड असते, ती वर उडून जात नाही, जमिनीलगत पसरत जाते आणि ओटीवर आरतीचं तबक जमिनीवरच ठेवलेलं असतं. चूल, गॅसची शेगडी, इन्व्हर्टर असलेल्या खोलीत बाईक ठेवायची नाही ती याच कारणाने. गणपतीत पडवी पाहुण्यांनी भरलेली असते तेव्हा मी तर आधी बाईक ढकलत खळ्यात आणायला लावतो, मग हात लावतो.

बॅटरी

मल्टिमीटर तीन-चारशेला मिळतो, वाडीत एक असला तरी पुरे. इंजिन बंद असताना १२.६ च्या आसपास व्होल्ट दाखवत असेल तर बॅटरी ठणठणीत. १२.४ च्या खाली चार्जिंग पाहिजे. १२ च्याही खाली बरेच दिवस पडून राहिली असेल तर आतल्या प्लेटांवर सल्फेटचा थर धरतो आणि मग चार्ज करूनही ती दोन दिवसांत मान टाकते. या छोट्या बॅटऱ्या आहेत, त्यांना ट्रॅक्टर-ट्रकच्या चार्जरवर लावू नका, उकळतात. कमी करंटवर रात्रभर ठेवणारा माणूस शोधा.

जुन्या कार्ब्युरेटरवाल्या किकच्या बाईक बॅटरी मेली तरी बऱ्याचदा किकने सुरू होतात. एप्रिल २०२० पासूनच्या बहुतेक बीएस-६ (प्रदूषणाच्या नव्या नियमांच्या) बाईकना मात्र पेट्रोलचा पंप आणि आतला कॉम्प्युटर चालवायला बॅटरी लागते, बॅटरी पूर्ण मेली असेल तर धक्का मारून घामाघूम होण्यात काही अर्थ नाही.

जागेशी याचा संबंध असा की बॅटरी तुमच्याबरोबर आत राहू शकते. जाताना आधी मायनस, मग प्लस वायर काढा, बॅटरी माजघरात लाकडी फळीवर ठेवा, आल्यावर आधी प्लस मग मायनस जोडा. दहा मिनिटांचं काम. वर बॅटरी चोरीला जाण्याचा प्रश्न पण मिटतो, आमच्याकडे अख्खी बाईक जाण्यापेक्षा बॅटरी आणि पेट्रोल जाण्याचे प्रकार जास्त.

आणि ते ‘शेजारच्या काकांना सांगितलंय अधूनमधून स्टार्ट करायला’ हे बंद करा. काका किक मारतात, दोन मिनिटं उभ्या उभ्या गुरगुरवतात आणि बंद करतात. तेवढ्यात बॅटरी भरत नाही, इंजिन नीट तापत नाही आणि सायलेन्सरमध्ये पाणी मात्र साठतं. काकांना चालवता येत असेल तर आठवड्याला सात-आठ किलोमीटर फिरवून आणू देत, दूध-पेपर आणतील, नाहीतर हात लावू नका म्हणावं.

पेट्रोल आणि प्लग

हल्लीच्या पेट्रोलमध्ये २० टक्क्यांपर्यंत इथेनॉल असतं आणि इथेनॉल हवेतली ओल ओढून घेतं. ओल प्रमाणाबाहेर गेली की पाणी-इथेनॉल वेगळं होऊन टाकीच्या तळाला बसतं, आणि कॉक तळालाच. म्हणजे पहिला घोट पाण्याचाच. कार्ब्युरेटरच्या वाटीखाली एक ड्रेन स्क्रू असतो, खाली काचेची जुनी बाटली धरून तो सैल करा. बाटलीत तळाला वेगळा थर दिसला, गंजाचे कण दिसले, किंवा पेट्रोलला वॉर्निशसारखा आंबूस वास आला तर उत्तर मिळालं. सगळं काढा, ताजं टाका.

प्लग काढून बारीक पॉलिश पेपरने पुसा, टोपीत हिरवट गंज असेल तर तोही. ठिणगी बघायची असेल तर आधी पेट्रोलची बाटली लांब नेऊन ठेवा, मी हसत नाहीये, एकाची बाही जळताना पाहिलीये.

निघताना टाकी भरून ठेवावी की रिकामी यावर वाडीत दोन पक्ष आहेत. माझं मत, लोखंडी टाकी असेल आणि तीन महिन्यांचाच प्रश्न असेल तर भरून ठेवा, कारण रिकाम्या जागेत ओलसर हवा राहते आणि टाकी आतून गंजते. कॉक बंद करून इंजिन आपोआप बंद पडेपर्यंत चालवा म्हणजे वाटी कोरडी. वर्षभर येणारच नसाल तर टाकी पूर्ण काढून घ्या.

ब्रेक, क्लच, चेन

मागचं चाक जाम म्हणजे ड्रमच्या आत लायनर गंजाने चिकटलेत. ब्रेकचा नट सैल करून बाईक पुढे-मागे झुलवा, ड्रमवर बाहेरून लाकडी ठोकळ्याने दोन ठोके. ऑइल मारायचं नाही, लायनरवर ऑइल गेलं तर चाक सुटेल पण ब्रेक लागणार नाही आणि आपल्या घाट्या म्हणजे काय सरळ रस्ते नाहीत. क्लच प्लेटा चिकटल्या असतील तर दुसरा गिअर टाकून, क्लच पूर्ण दाबून, तशीच पुढे-मागे झुलवायची, कट्ट आवाज येऊन सुटतात. चेनला काय, ब्रश, रॉकेल मिळत असेल तर रॉकेल, मग नव्वद नंबरचं गिअर ऑइल.

इथे थांबा, मेकॅनिकला बोलवा

एक-दोन वायरी तुटल्या असतील तर सोलून, पिळून, टेप लावून गणपतीपुरतं चालतं. पण मेन हार्नेस, म्हणजे सगळ्या वायरींचा मुख्य जुडगा, तीन-चार ठिकाणी कुरतडलेला असेल, फ्यूज सारखा उडत असेल तर जाड फ्यूज किंवा सिगारेटच्या पाकिटाची चांदी लावायची अक्कल चालवू नका, त्याने वायरिंग पेटतं. वायरमन किंवा गॅरेज. बीएस-६ बाईकचा इंजिनचा दिवा विझत नसेल, पेट्रोल पंपाचा आवाज येत नसेल तर तेही घरी होणारं काम नाही. ब्रेक सोडवूनही नीट लागत नसेल तर चालवत गॅरेजला नेऊ नका, टेम्पोत टाका.

आणि पूर. बाईक पाण्यात बुडाली असेल, पाणी इंजिनच्या वर गेलं असेल तर किल्लीसुद्धा फिरवायची नाही. २२ जुलै २०२१ ला वाशिष्ठीचं पाणी चिपळूणच्या बाजारपेठेत घुसलं त्यानंतर पुढचे कित्येक दिवस आम्ही गॅरेजवर फक्त चिखल काढत होतो. ज्यांनी बाईक तशीच ढकलत आणली त्यांचं बरंचसं ऑइल, फिल्टर, प्लग, वायरिंगची साफसफाई यात निभावलं. ज्यांनी ‘बघू होते का’ म्हणून किक मारली त्यांच्यातल्या काहींचा कनेक्टिंग रॉड वाकला, कारण पाणी दाबलं जात नाही आणि पिस्टन तर वर येतच असतो. आधी फोटो काढा, विमा कंपनीला कळवा, सुरू करून वाढवलेलं नुकसान ते नाकारू शकतात. अर्थात नुसता थर्ड पार्टी (फक्त समोरच्याचं नुकसान भरणारा) विमा असेल तर पुराचे काय, चोरीचे पण पैसे मिळत नाहीत, हे खूप जणांना बाईक गेल्यावर कळतं. चोरीच्या क्लेमला दोन्ही चाव्या मागतात, म्हणून दुसरी चावी पडवीच्या खुंटीला टांगून जाऊ नका.

मग ठेवायची कुठे

सगळ्यात वाईट जागा म्हणजे गोठा. लोक म्हणतात गुरं असतात म्हणजे माणसाची ये-जा असते, सुरक्षित. पण गुरांच्या मुताची वाफ तांब्या-पितळेला खाते, कनेक्टर हिरवे पडतात, आणि बाजूला पेंढा म्हणजे उंदीर आणि आग दोन्ही. त्याच रांगेत खताच्या गोणी ठेवलेली खोली, खत पाणी ओढतं आणि लोखंड सडवतं.

त्यानंतर झाडाखाली. माडाखाली तर नाहीच, नारळाने टाकीला पडलेला खड्डा मी मोजलाय, मूठ बसत होती. ३ जून २०२० च्या निसर्ग वादळात दापोलीकडे किती झाडं आडवी झाली ते आठवत असेल तर आंब्या-फणसाच्या सावलीचा मोह पण सोडा.

पडवी चालेल, पण कणगी हलवून, आणि समुद्राकडून वारा येतो ती बाजू सोडून. किनाऱ्याजवळच्या वाड्यांमध्ये खारा वारा काय करतो ते खिडकीच्या गजांकडे बघून कळतं, गज ज्या बाजूला जास्त सोललेत ती बाजू बाईकला नको. खाली दोन चिरे आणि त्यावर जाड फळी, मेन स्टँड फळीवर, म्हणजे जमिनीची ओल आणि टायर दोन्ही सुटं. बाईकवर जुनी सुती चादर, आणि ताडपत्री लावायचीच तर वर दोरीवर मंडपासारखी, अंगाला न चिकटता, बाजू मोकळ्या. फोर्कच्या नळ्यांना ग्रीसचा हात, ब्रेकच्या डिस्कला नाही. सायलेन्सर गार झाल्यावर त्याच्या तोंडाला प्लास्टिकची पिशवी आणि रबर, आणि हँडलला एक चिठ्ठी बांधा की सायलेन्सर बंद आहे. चिठ्ठी विसरलेला एक जण अर्धा तास किक मारत होता, मी गेलो तेव्हा शेजारीपाजारी खुर्च्या टाकून बसलेले.

चोरीसाठी हँडल लॉक पुरत नाही, मागच्या चाकातून साखळी घालून ती कशाला तरी पक्क्या गोष्टीला बांधायची. पडवीच्या लाकडी खांबाला बांधणार असाल तर आधी खांब ठोकून बघा, वाळवीने पोकळ झालेला खांब चोरापेक्षा आधी बाईकवर पडेल.

सगळ्यात चांगली जागा मात्र बहुतेक वेळा आपल्या घरात नसतेच. बंद घरापेक्षा जिथे बारा महिने माणूस राहतो, ज्याची जमीन कोबा किंवा फरशीची आहे आणि ज्याच्या अंगणात पाणी चढत नाही, असं भावकीतलं नाहीतर शेजारचं घर बघा. पाणी चढतं का हे त्या घरच्या म्हातारीला विचारा, तिला वर्षासकट माहीत असतं, आणि भिंतीवर जुन्या पुराची चिखलाची रेघ असेल तर ती खोटं बोलत नाही. महिन्याला दोनशे रुपये देऊ केले तर आमच्याकडे लोक घेत नाहीत, मुंबईहून येताना काहीतरी आणा, तेवढं चालतं.

सोसायटीत बाईक सोडून महिनोन् महिने बाहेर असणाऱ्यांना पण हेच लागू, फक्त कणगीच्या जागी कचऱ्याचे डबे आणि म्हातारीच्या जागी वॉचमन. २५ जुलै २०२४ ला पुण्यात सिंहगड रोडला एकतानगरीत सोसायट्यांच्या पार्किंगमध्ये पाणी शिरलं ते सकाळी लोक उठायच्या आत. तळमजल्याचा आणि ड्रेनेजच्या झाकणाजवळचा कोपरा रिकामा मिळतोय म्हणजे तो का रिकामा आहे ते आधी विचारा.

चुलतभावाची बाईक गेल्या मे पासून समोरच्या काकूंच्या कोब्याच्या पडवीत आहे, फळीवर, बॅटरी आत, चादर वर. गणपतीच्या आदल्या दिवशी मला फोन आला नाही म्हणून मीच गेलो बघायला. वायरिंग शाबूत, चाक मोकळं, बॅटरी १२.५. भाऊ खुशीत, वहिनी हात जोडून उभी. आणि किल्लीच आत जाईना. बघतो तर किल्लीच्या भोकात कुंभारीण माशीने मातीचं घर बांधलेलं, लिंपून गुळगुळीत. सेफ्टी पिनने उकरत बसलो, बाजारातून मखराचं सामान आणायचं होतं ते अर्धा तास लांबलं. तिसऱ्या किकला सुरू झाली. तेव्हापासून किल्लीच्या भोकावर चिकटपट्टीचा तुकडा पण लावायला सांगतो.